मग तो माणूस कुठे जातो?

खडूभोवतीची कागदाची पट्टी सुटत आली होती. ती पुन्हा घट्ट बसवावी की सुटायची तर सुटू द्यावी, हे काही तिला ठरवता येत नव्हतं – आणि घड्याळात पावणेपाच, फळा पुसायचा राहिलेला, बाकं वाकडीतिकडी, आणि आपण खडूकडे बघत उभ्या! बाईंच्या बोटांना हल्ली खडूने भेगा पडत, म्हणून ही पट्टी रोज तीच गुंडाळत असे. म्हणजे रोज पावणेपाचला ती बाईंची काळजी घेत होती, आणि गेले तीन दिवस बाईंना या वर्गातून घालवायचं कसं, याचा विचारही नेमका याच वेळी करत होती. एकाच हाताने.

उद्या शनिवार. उद्या दातांच्या डॉक्टरांना उत्तर द्यायचं होतं.

दातांचे डॉक्टर म्हणजे वर्गातल्या एका मुलीचे वडील. मंगळवारी आले आणि त्यांच्याकडे पेशंट बसतात तसे खुर्चीच्या अगदी कडेवर बसले. "मॅडम, राग मानू नका, बाईंबद्दल आम्हा सगळ्यांना आदर आहे," असं म्हणाले, आणि आदराने सुरुवात झाल्यावर पुढे काय येणार हे तिला लगेच कळलं. "पण परीक्षा सहा आठवड्यांवर आली. इंग्रजीच्या यादीत तीनशे चाळीस शब्द आहेत, आणि बाईंचे झालेत एक्याण्णव. एकेका शब्दाला अर्धा अर्धा तास! तुम्ही घ्या ना वर्ग. तुमचं कसं भराभर असतं. नाहीतर मग…" नाहीतर म्हणजे चौकातला नवा क्लास. बावीसपैकी चौदा मुलं जाणार होती; डॉक्टरांनी नावंही आणली होती. ती म्हणाली, "बघते मी." नाही म्हणाली नाही. त्या एका 'बघते'वर तिचं मन तेव्हापासून घुटमळत होतं… कारण ते म्हणताना तिला काही निव्वळ वाईट वाटलं नव्हतं.

सांगायचं तरी कोणाला, हीच मोठी पंचाईत. चौदाव्या वर्षी ती या खोलीत शिकायला आली तेव्हा बाई बाई होत्या. सव्विसाव्या वर्षी बाईंच्या मुलाशी लग्न झालं आणि बाई आई झाल्या, पण फक्त पडद्याच्या पलीकडे, घरात. अलीकडे, या वर्गात, बाईच. अकरा वर्षं दिवसातून दहादा तो पडदा ओलांडताना जीभ आपोआप बदलत आली होती. आता बाईंना सांगावं तर धीर होत नाही, आणि आईंना सांगावं तर जीव होत नाही. नवऱ्याला विचारलं तर तो मोज्यात पाय घालत म्हणाला, "तूच सांग आईला. तुझं ऐकते ती. माझ्या तर कुठल्याही बोलण्याला मार्क देते."

यात अतिशयोक्ती म्हणाल तर अजिबात नव्हती. हाताला लागेल तो कागद लाल पेनाने तपासल्याशिवाय बाईंना राहवत नसे. किराण्याच्या यादीला त्या दहापैकी सात देत. लग्नाआधी मुलाने हिला लिहिलेलं पत्र त्यांना सापडलं होतं, त्याला साडेपाच – भावना बऱ्या, मुद्दा पोचत नाही. ते पत्र तिने अजून जपून ठेवलंय, आणि खरं सांगायचं तर पत्रापेक्षा तो शेराच जास्त वेळा वाचलाय.

शेवटी बुधवारी तिने पालकांसाठी एक सूचना लिहिली. इंग्रजीत, कारण इंग्रजीत लिहिलं की आपण नाही, दुसरंच कोणीतरी बोलतंय असं वाटतं. असे असे ठरविण्यात आले आहे की, सोमवारपासून बाईंना वर्गाच्या जबाबदारीतून मुक्त करण्यात येत आहे. घडी घालून कागद आपल्या वहीत ठेवला. उद्या वाटायचा, म्हणजे तोंडाने काही बोलावंच लागणार नाही…

पाचला मुलं आली. ती नेहमीप्रमाणे मागच्या बाकावर हजेरी घेऊन बसली. बाईंनी खडू उचलला, पट्टी बघून तिच्याकडे जराशा हसल्या, आणि फळ्यावर पहिला शब्द लिहिला. आजच्या यादीत सगळे पद जाण्याचे, सत्ता जाण्याचे शब्द होते. बारा.

"डिमोट," बाई म्हणाल्या. "कोण, कोणाला, आणि मग तो माणूस कुठे जातो?"

अर्थ त्या कधीच विचारत नसत. अर्थ काय, पुस्तकात असतोच.

"साहेब, कारकुनाला," कोणीतरी म्हणालं. "कुठे जात नाही बाई. बाजूच्याच टेबलावर बसतो."

"मग बरं की."

"नाही बाई," दातांच्या डॉक्टरांची मुलगी म्हणाली, "रोज तेच लोक दिसतात ना. उलट जास्त लागतं."

"शाब्बास. डिपोज?"

"राजाला! तुरुंगात जातो!"

"नाहीतर पळून मावशीकडे!"

"चालेल. राजांना मावश्या पुष्कळ असतात." वर्ग हसला. "आउस्ट?"

"ढकलून, रस्त्यावर. सामानासकट."

"सामान मिळालं तर नशीब समजायचं त्याने. अबॉलिश?"

इथे वर्ग थांबला, आणि बाईही थांबल्या, आणि ती मागे बसून घड्याळ बघू लागली. चार शब्द, पस्तीस मिनिटं. याच वेळात तिने चाळीस केले असते. तिचा तक्ता तयार होता, डावीकडे इंग्रजी, उजवीकडे मराठी, शेवटी खूण करायला चौकोन. आणि तक्ता चांगला होता, उगाच कशाला नाही म्हणा. मुलं पास झाली असती. डॉक्टरांचं काय चुकलं होतं? "माणूस कुठेच जात नाही," कोणीतरी शेवटी चाचरत म्हणालं, "तो तिथेच असतो, पण त्याचं जे काम होतं, तेच जगात उरत नाही." आणि बाई "अगदी" म्हणाल्या, इतक्या हळू की पहिल्या बाकापलीकडे ऐकू गेलं नसेल.

चौदा वर्षांची असताना तिला त्यांनी 'बॉरो' असाच शिकवला होता. कोण, कोणाकडून, आणि मग ती वस्तू कुठे जाते? त्या संध्याकाळी घरी जाऊन तिने शेजाऱ्यांची दोन वर्षं आपल्याकडे पडलेली छत्री परत नेऊन दिली होती. तो शब्द पाठ करावा लागला नाही. बाईंचा कुठलाच शब्द तिला कधी पाठ करावा लागला नाही, आणि तक्त्यातले चाळीस मात्र तिलाही दर वर्षी नव्याने बघावे लागतात… हे डॉक्टरांना सांगायला हवं होतं. मंगळवारी ते आठवलंसुद्धा होतं. मग का नाही सांगितलं?

मराठीत तरी शब्दांची कुठे वाण आहे – बडतर्फ, हकालपट्टी, गच्छंती, उचलबांगडी. ती एकेक बाईंना लावून बघत होती. उचलबांगडी म्हटलं की बाईंना चौघांनी हातापायांना धरून उचललंय असंच डोळ्यांपुढे येई आणि हसू फुटे, आणि हसण्याची लाज वाटे. त्यातल्या त्यात पायउतार बरा. निदान आपल्या पायांनी.

पण बाई काही आपल्या पायांनी उतरणार नव्हत्या. त्या आता बारावा शब्द संपवून तेरावा लिहीत होत्या.

तेरावा यादीत नव्हता. ती पुढे वाकली. रिलीव्ह.

सूचनेत 'मुक्त करण्यात येत आहे' म्हणायला तिने हाच शब्द वापरला होता. वही. दुपारी बाईंनी तपासायला वह्या मागितल्या तेव्हा तिने टेबलावरचा सगळा गठ्ठा उचलून दिला होता. सगळ्यांना तपकिरी कव्हर हवं हा बाईंचाच नियम, आणि तिची वहीही तपकिरी, त्याच गठ्ठ्यात. मुद्दाम नव्हतं ते. घाईत होते मी. दूध उतू जात होतं… मुद्दाम नव्हतं का?

"हा शब्द जरा लबाड आहे," बाई मुलांना सांगत होत्या. मागच्या बाकाकडे त्यांनी पाहिलं नाही. "यात काढणारा म्हणतो, तुझंच ओझं उतरवतोय बरं का. कोण, कोणाला?"

"डॉक्टर, दुखण्याला," दातांच्या डॉक्टरांची मुलगी म्हणाली.

"तो खरा. आणि खोटा?"

दोघातिघांनी शब्द वहीत उतरवून घेतला.

"खोटा असला की कोणी काढलं त्याचं नाव सापडत नाही," बाई म्हणाल्या. मग बोटांना लागलेला खडू झटकत, वेगळ्याच आवाजात – घरातल्या, पडद्यापलीकडच्या आवाजात – "पण कधी कधी खराही असतो हं. माणूस खरंच दमलेला असतो."

"ते कसं ओळखायचं, बाई?"

"अगं, त्यालाच विचारायचं. सोपं आहे."

मुलं गेली. बाई पडद्याआड गेल्या. ती बाकं सरळ करत राहिली, आधीच सरळ असलेलीसुद्धा, आणि मग वह्यांच्या गठ्ठ्यातून आपली वही काढून उघडली. कागद घडी घातलेलाच होता, फक्त घडी आता जास्त नीट होती. इंग्रजीतल्या त्या 'ठरविण्यात आले आहे'खाली लाल रेघ. समासात मराठीत – कोणी? नाव लिही. खाली दहापैकी चार. आणि त्याखाली, चोवीस वर्षांपूर्वी तिच्या प्रत्येक निबंधाखाली असायचं तेच, त्याच वळणदार अक्षरात – परत दाखव.

रडू येईल असं तिला वाटलं होतं. आलंही थोडं. पण त्याआधी आलं ते दुसरंच, आणि ते आल्यावर ती त्या रिकाम्या वर्गात आपल्या मागच्या बाकावर जाऊन बसली. मला ही खोली हवी आहे. डॉक्टरांमुळे नाही, परीक्षेमुळे नाही, चौदा मुलांमुळे नाही. अकरा वर्षं मागच्या बाकावर बसून, त्यांचे प्रश्न त्यांच्याआधी ओठांवर येऊन, मला ती हवी आहे – त्यांच्यावर जीव आहे तरी हवी आहे, की जीव आहे म्हणूनच, देव जाणे. इतके दिवस तिला वाटत होतं की यातलं एक खरं असेल तर दुसरं खोटं असणार. तसं काही नव्हतं. दोन्ही सुखाने शेजारी शेजारी बसली होती.

आत भांड्यांचा आवाज येत होता. बाई चहा टाकत होत्या. दोन कप काढल्याचं ऐकू आलं.

तिने कोरा कागद घेतला. इंग्रजी सुचेना, म्हणून मराठीतच लिहिलं. सोमवारपासून वर्ग मी घ्यावा असं मला वाटतं. पुढे काहीतरी मऊ लिहायला हात गेला, तो तिने आवरला. मग खाली एकच ओळ – तुम्ही दमला आहात का? वाचून बघितलं. जड होतं, उघडंनागडं होतं, पोस्टाने आलं असतं तर तिने स्वतःच ते फाडून टाकलं असतं. आणि तरी कागद हातात धरून त्या पडद्याकडे बघताना, अडतिसाव्या वर्षी, सासूची जागा मागत असताना, तिच्या मनात लहान मुलीसारखं एवढंच येत होतं, की हे बरोबर लिहिलंय का, ते बाईंनाच विचारावं.