आधी सरपण, मग प्रेम

शर्वाणीच्या घरात बर्फ पडत होता, तोही फक्त हॉलमध्ये. बाहेर नाशिकचं रणरणतं ऊन आणि इथे सोफ्याभोवती गुडघाभर बर्फ. सोफ्यावर तिचा नवरा सुधन्वा बनियनवर बसला होता. त्याच्या डोक्यावर हवेत एक लाल पट्टी तरंगत होती आणि ती आटत चालली होती.

पट्टी तिने लगेच ओळखली. न ओळखून करते काय? तिनेच आखली होती ना! मोठ्यांसाठीचे प्रेमाचे गेम लिहायची बाई. बर्फातली झोपडी, दोघंच जण, लाकडं आणा, खिचडी शिजवा, मग हळूच जवळ या. पट्टी म्हणजे ऊब, आणि ऊब संपली की माणूस संपला. नट मिळेपर्यंत घरातल्याच कुणाचा तरी आवाज भरून ठेवायचा, ही या धंद्यातली रीत. सुधन्वाने बिचाऱ्याने अख्खा रविवार बसून नायकाचे संवाद वाचले. नट काही आला नाही, आणि हिने त्याला न विचारताच त्याचा आवाज ठेवून दिला.

"सुधन्वा, ऊठ रे. गारठशील."

"वादळ वाढतंय, राणी. लाकडं आणलीस?"

इतक्या वर्षांत मेला कधी राणी म्हणाला नव्हता! हे तर गेममधल्या नायकाचं वाक्य!

तिने त्याला ओढत स्वयंपाकघराकडे न्यायला घेतलं, तर पावलागणिक हॉल लांबत गेला. मग तिने तिथेच पाट जाळला, चपलांचा रॅक जाळला. पट्टी ढिम्म. तेवढ्यात हवेत तिनेच लिहिलेलं वाक्य उमटलं. ‘मला कुशीत घे.’ ते म्हटल्यावर पट्टी बोटभर चढली.

"ये, माझ्या श्वासात ये," सुधन्वा म्हणाला, आणि त्याचा एक कान पुसला गेला.

असं आहे तर! त्याने एकदा म्हटलेलं वाक्य परत येत नव्हतं, आणि प्रत्येक वाक्यासोबत तो थोडा जात होता. गप्प बसावं तर गारठणार, बोलावं तर संपणार. इकडे आड, तिकडे विहीर. तिने स्वतःच्या मनाचं काही बोलून पाहिलं, "भाजी कुठली करू रे?" तर तोंडातून नुसता बर्फ सांडला.

तिने फोनवरून ऑफिसातल्या वैदेहीला मेसेज केला. बोटांनी लिहिलं, "गेमचा शेवट काय ठेवलाय आपण?"

"शेवट? अगं, तो तू लिहिणार होतीस ना," वैदेहीचं उत्तर आलं.

शर्वाणीला रडू फुटलं. नको मला तुझं गोड बोलणं, माझा कुरकुऱ्या नवरा मला परत हवा, असं तिला ओरडायचं होतं. पण हवेत उमटेल तेच ती म्हणत गेली, तो उत्तरं देत गेला, आणि सुधन्वाचे खांदे गेले, हात गेले. उरला नुसता चेहरा.

मग तो कंटाळलेल्या आवाजात म्हणाला, "शर्वे, झालं का गं? उठू का मी आता?"

हे तिने लिहिलेलं नव्हतं! तिचा जीव भांड्यात पडला. आणि लगेच आठवलं, त्या रविवारी माइक बंद करायला ती विसरली होती, आणि त्याचं हे बोलणंही त्यात भरलं गेलं होतं.

हवेत दोन वाक्यं उमटली. ‘हो, ऊठ.’ ‘नको, बस.’ ‘ऊठ’ म्हटलं तर तो कायमचा जाणार, ‘बस’ म्हटलं तर पुन्हा त्याच गोड बोलण्यात अडकणार. पट्टीत नखाएवढा लाल उरला होता. तो तिच्याकडे बघत होता, आणि तिने तोंड उघडलं.