बांधाच्या पायथ्याची माती

सकाळपासून नवराबायकोचं वाजलं होतं. वाजलं म्हणजे काय, बोलत होती ती एकटीच. तो आपला नावेच्या कडेला बसून टोपलीचा दोर चाचपत होता. त्याच्याशी भांडायचं म्हणजे भिंतीशी भांडायचं. साऱ्या बेटावर त्याला पाणबुड्या म्हणत. उभा जन्म तळ्यात बुड्या मारून तळाचा चिखल वर काढण्यात गेलेला, कान कधीच गेलेले. समोरच्याचे ओठ हलताना दिसले तर अर्धंमुर्धं कळायचं, आणि कळून घ्यायचं नसलं की बेटा तोंड फिरवायचा.

त्यांचं बेट म्हणजे तरी काय होतं? मधे भाताचं शेत आणि भोवती मातीचा गोल बांध. घरं त्या बांधावरच. शेत खाली, तळ्याचं पाणी वर. समुद्राची भरती तळ्यात शिरली की खारं पाणी बांधाच्या काठाला टेकायचं. बांध दरसाल खचायचा आणि दरसाल त्यावर ताजा चिखल थापायचा. तो आणायचा मधल्या खोल पाण्यातून, रोवलेल्या खुंटांच्या पलीकडून. बांधाच्या पायथ्याचा एक गोळासुद्धा काढायचा नाही. जो काढेल त्या घराने बेट सोडायचं. हा नियम कुणी घातला कुणास ठाऊक, पण मोडायची छाती कुणाची झाली नव्हती.

पाणबुड्याने तो मोडला होता. गेल्या साली त्याची धाप वाढली. तळाला हात लागायच्या आतच दम संपायचा, वर यायचा तो काळानिळा होऊन. बायको रिकामीच टोपली वर ओढायची. आता जमत नाही, हे लोकांना सांगायचं तर सांगणार कसं? सारा बांध त्याच्या जिवावर उभा म्हणून लोक त्याला मान देत. मग एक दिवस त्याने आपल्याच घरामागे, जिकडे कुणी फिरकत नाही तिथे, पायथ्याशी टोपली भरली. तिने मुकाट्याने ओढली. तिथेच चुकलं. नंतर रोजचंच झालं.

"आत पोकळ लागतंय म्हणालात ना परवा?" ती त्याच्या तोंडासमोर जाऊन म्हणाली. "मग आता पुरे करा. बांध बसला तर कुणाला तोंड दाखवायचं?"

"खुंटांपलीकडे गेलो तर मी वर येणार नाही," तो शांतपणे म्हणाला.

तिने दोर हातात घेतला.

दुपारच्या भरतीला वारा सुटला आणि घरामागचा बांध बसला. आधी भेग पडली, मग गोठ्याएवढा तुकडा खाली गेला आणि पाणी धो धो शेतात घुसलं. भात कापणीला आलेलं. खारं पाणी एकदा साचलं की पीक तर जातंच, जमीनही पुढची कित्येक सालं नासते. बेटावरचा हरेक माणूस धावला. तिच्या धाकट्या दिराने घराच्या छपराचे बांबू उपसून आणले, बायकांनी पेंढ्याचे भारे टाकले. टाकतील ते आत गडप होत होतं. सगळ्यांच्या तोंडचं पाणी पळालं.

पाणबुड्याने एकदा बघितलं आणि तो नावेत चढला. नावेत सकाळचा चिखल भरलेला होता. हाताने खुणा करून त्याने भावाला बांबू नेमके कुठे ठोकायचे ते दाखवलं, नाव तिरपी करून भगदाडाच्या तोंडाशी आणली आणि तळाची फळी उचकटून ती बुडवली. स्वतः खाली गेला, तिला खांद्याने ढकलत खड्ड्यात बसवायला. बराच वेळ वर आला नाही. बायको देवाला काय काय बोलली ते तिचं तिलाच ठाऊक.

तो वर आला. नाव घट्ट बसली होती. मग पेंढा टिकला, चिखल टिकला, पाणी थांबलं. शेताचा एक कोपरा तेवढा भिजला.

तो बांधावर धापा टाकत शेताकडे बघत बसला. ज्याचा शब्द बेटावर चाले तो म्हातारा त्याच्या मागे येऊन उभा राहिला.

"खाली खड्डा आहे, तो असा तिरपा आहे," म्हातारा हळूच म्हणाला, "हे याला कसं ठाऊक?"

पाणबुड्याची पाठ होती. त्याला काहीच कळलं नाही. दिराला मात्र कळलं. त्याने भावजयीकडे पाहिलं, मग सगळ्यांनीच पाहिलं. पाण्यातल्या माणसाला पाणी कळतं, असं काहीतरी तिच्या ओठावर आलं होतं. पण दिराच्या हातातून रक्त गळत होतं, आणि त्याच्यासमोर तिला खोटं बोलवेना.

"पायथ्याचा चिखल आम्हीच काढला," ती म्हणाली. "टोपली मी ओढत होते."

कुणीतरी पुटपुटलं, की बांध वाचवलाही त्यानेच.

"वाचवला, म्हणून तर कुणी अंगावर हात टाकत नाही," म्हातारा म्हणाला. "पण याला माफ केलं तर उद्या दुसरा दमेल, परवा तिसरा. कापणीला थांबू नका, पोरी. नाव माझी न्या."

माणसं पांगायला लागली तेव्हा पाणबुड्याने मान वळवली. "काय म्हणतोय म्हातारा?"

त्याला आपले ओठ दिसावेत म्हणून ती त्याच्यासमोर उकिडवी बसली.

"बांध टिकला म्हणतात."

त्याने मान हलवली. "पुढच्या साली इथे हातभर उंच घ्यावा लागेल," तो बहिऱ्या माणसाच्या मोठ्या आवाजात म्हणाला. सगळ्यांना ऐकू गेलं. तो वाकून ओल्या मातीवर वीत टाकत मापं घ्यायला लागला, आणि ती घरात जाऊन भांडी पोत्यात भरू लागली.