दाराचा पिच्चर

"नाव काय पिच्चरचं?" शहापूरच्या सीडीच्या दुकानातल्या बाईंनी विचारलं.

"नाव नाय आठवत," भगीरथ म्हणाला. म्हणाला म्हणजे ओरडला. भात भरडायच्या गिरणीवर सारं आयुष्य उभं राहून त्याचा आवाज कायमचा गिरणीच्या वर चढला होता आणि कान कायमचे खाली गेले होते. रस्त्यावरच्या रिक्षावाल्याने दचकून आत पाहिलं.

"हिरो कोन होता?"

"मिशीवाला."

"गाणी?"

"पावसातलं एक होतं."

"काका, पावसातलं गाणं नसलेला सांगा. लवकर सापडंल."

मग भगीरथने गोष्ट सांगितली. एक बाई असते. नवरा संशय घेतो, घालूनपाडून बोलतो. बाई माहेरी येऊन राहते. पुढे नवऱ्याला चूक कळते. भर पावसात तो तिच्या दारात येतो, थाप मारतो...

"मग?"

"मग आमची एसटी सुटली."

बाईंनी त्याच्याकडे जरा वेळ पाहिलं. गिऱ्हाईक चांगलं दिसत होतं, पिऊन आलेलं वाटत नव्हतं. मग त्यांना आठवलं. "आगं बाई, तो होय! लय रडका. माझी सासू तीनदा बघून आली. शेवटाला तर तिचा..."

"सांगू नका!" भगीरथने दोन्ही हात वर केले. "शेवट घरी बघायचाय. सगळ्यांच्या म्होरं."

शहापूरला तो पिच्चरसाठी आलेला नव्हता. आला होता जावयाच्या, ओमकारच्या, काकांना भेटायला. राही, त्याची एकुलती मुलगी, आटगावच्या सासरहून चार महिन्यांपूर्वी परत आली होती आणि जायचं नाव काढत नव्हती. काकांनी चहा पाजला, पोरं आहेत, चुकतात, म्हणाले. भगीरथने शब्द दिला, "रविवारी या. पोरीला पाठवतो." शब्द देऊन बाहेर पडल्यावर घरी काय सांगायचं ते सुचेना. समोर सीडीचं दुकान दिसलं.

सीडी विकत घेऊन लेकीची समजूत घालायची हा उपाय विचित्र वाटेल. पण मुरबाडकडच्या वैशाखरे गावापासून आत, जिथे डांबर संपतं तिथल्या उंबरवाडीत पिच्चरला काय मान होता ते माहीत नसलेल्यालाच तो विचित्र वाटेल.

मुरबाडच्या थेटरात दुपारचा खेळ लागायचा आणि वाडीची शेवटची एसटी, मुक्कामाची, खेळ सुटायच्या थोडी आधी निघायची. कंडक्टर भला माणूस होता. तो थेटरच्या दाराशी येऊन अंधारात हाक मारायचा, "उंबरवाडीऽऽ!" की मधल्या रांगेतली दहा-बारा माणसं एकदम उभी राहायची. मागचे ओरडायचे, "ए, खाली बसा!" ती बसायची नाहीत. पडद्यावर हिरोची आई खांबाला बांधलेली असायची, तिला तशीच ठेवून ती निघून जायची.

त्यामुळे उंबरवाडीत पिच्चर पुष्कळांनी पाहिले होते, शेवट कोणीच पाहिलेला नव्हता. आणि शेवट पाहिलेला नसल्यामुळे मत प्रत्येकाला होतं. वैशाखऱ्याच्या फाट्यापर्यंत गाडीत शेवटाचा निकाल लागायचा. बहुमताने. कंडक्टरचं एक मत धरायचे. एकदा त्यांच्यातला कोंडू मुद्दाम मुरबाडला मुक्काम करून शेवट बघून आला. सकाळी येऊन म्हणाला, हिरो मरतो. कोणाला पटलं नाही. रात्रभर मुरबाडला राहिलेल्या माणसाचं काय ऐकायचं?

भगीरथ आणि त्याची बायको प्रेमा नव्वद साली हा दाराचा पिच्चर पाहायला गेले, तेव्हा राही पाच वर्षांची होती आणि शेजारी ठेवलेली होती. नायकाने दारावर थाप मारली आणि मागून हाक आली, "उंबरवाडीऽऽ!"

गाडीत बसताच भगीरथ म्हणाला, "दार उघडलं असंल तिनं."

"नाय उघडायची," प्रेमा म्हणाली.

त्या वेळी गाडीत मतं समसमान पडली. कंडक्टर तिकिटांचा हिशोब जमत नसल्याने तटस्थ राहिला. निकाल लागलाच नाही आणि तो वाद नवराबायकोने घरी आणला. मग तो घरातच राहिला, एखाद्या भांड्यासारखा, लागेल तेव्हा काढायचा. भात करपला की भगीरथ म्हणे, "त्या बाईनं दार उघडून नवऱ्याला वाढलं तरी असंल." तो गिरणीवरून उशिरा आला की प्रेमा आतून म्हणे, "नाय उघडलं त्येच बरं केलं." भगीरथचा आवाज असा, की त्यांचा संसार सगळ्या वाडीला तोंडपाठ होता. भात भरडायला आलेली बाई पोतं ठेवता ठेवता विचारायची, "काय भगीरथ, आज उघडलं का?"

तर शनिवारी वीज होती तेवढ्या वेळात पिच्चर लावायचं ठरलं. प्लेयर समोरच्या सकुबाईच्या मुलाचा आणला. सकुबाई आली, कोंडू आला. गाडीतले जे जिवंत होते ते सगळे आले, आणि न आलेल्यांचं मत काय होतं ते त्यांच्या घरच्यांनी येऊन सांगितलं.

"उद्या ओमकार येतोय न्यायला," भगीरथ सीडी घालता घालता म्हणाला. कोणाकडे न बघता म्हणाला, पण शेजारच्या तीन घरांना कळलं.

प्रेमा त्याच्याकडे वळली. "कोनी बोलावला?"

"मानूस चुकतो, प्रेमा. येतो मंग दारात. बघ आता, तुझ्या डोळ्यानं बघ."

राही कोपऱ्यात सुपात तांदूळ घेऊन बसली होती. ओमकारची चूक वाडीला माहीत होती. त्याने तिला घराबाहेर काढून आतून कडी लावली होती, आणि ती सकाळपर्यंत ओट्यावर बसून होती. एकदा मे महिन्यात आणि एकदा पावसात. मे महिन्यातलं तिने तेव्हा घरी सांगितलंही नव्हतं.

"राहे, तू पन बघ गो," भगीरथ म्हणाला.

"बघतेय," राही म्हणाली आणि खडा वेचून बाजूला टाकला.

पिच्चर सुरू झाला. सकुबाई म्हणाली, हिरोईन तेव्हा जाड होती, आता वाळली. कोंडू म्हणाला, पिच्चर त्योच हाय सकूबाय, ती कशी वाळंल? खलनायकाचा बंगला बघून एकजण म्हणाला, एवढ्या जागेत दोन पोती बियाणं लागंल. मिशीवाला संशय घेऊन झाला, पावसातलं गाणं झालं, बाई माहेरी आली. नायक चिखलातून चालत आला, दाराशी उभा राहिला. थाप मारली.

कोंडूने सवयीने चपला शोधायला सुरुवात केली.

"बस रे," सकुबाईने त्याला ओढलं. "आता एसटी नाय."

आणि मग त्यांनी तो भाग पाहिला, जो वाडीत कोणी पाहिला नव्हता.

पुन्हा थाप पडली. बाई आत पाटावर बसलेली. ती हलली नाही. पलीकडे तिचा बाप बसला होता, खांद्यावर पंचा टाकून. तो उठला. त्याने कडी काढली, दार उघडलं, जावयाला मिठी मारली. दोघं रडले. व्हायोलिनं वाजली. मग बापाने आत येऊन लेकीचं मनगट धरलं, तिला उठवलं, दारापर्यंत आणलं आणि तो हात जावयाच्या हातात दिला. बाई पाठमोरी. तिचा चेहरा दाखवलाच नाही. दोघं पावसात चालू लागली आणि बाप दारात उभा राहून हसला, मोठं काम केल्यासारखा.

पडद्यावर अक्षरं आली.

"म्हंजे उघडलं," कोंडू म्हणाला. "भगीरथ जितला."

"बापानं उघडलं. तिनं कुठं उघडलं?" प्रेमा म्हणाली. "मी जितली."

इतक्या वर्षांनी निकाल लागला आणि दोघंही जिंकले, हे काही गर्दीला पसंत पडलं नाही. "पिच्चरवाल्यांनी शेवटाला घान केली," सकुबाई म्हणाली. "आमच्या गाडीतला शेवट बरा होता."

राहीने सूप उचललं. "तिला कोनी इचारलंच नाय," ती म्हणाली आणि चुलीकडे गेली.

हे ती हळूच म्हणाली होती. भगीरथला ऐकू जायचं काही कारण नव्हतं. पण त्याने ते तोंडावरून वाचलं असावं, कारण माणसं गेल्यावर त्याने शेवट पुन्हा लावला. मग पुन्हा. प्रेमा म्हणाली, "जितलंव ना? बास की आता." त्याच्या खांद्यावरही पंचा होता. तो त्याने काढून खुंटीला लावला. मग वीज गेली.

रविवारी दुपारच्या गाडीने ओमकार आणि त्याचे काका आले. हीच गाडी वळून परत जायची, ड्रायव्हरचा चहा झाला की. दोघं घरासमोर आले आणि थबकले. दार बंद होतं. उंबरवाडीत दिवसा दार बंद करायची पद्धत नाही, दिवसा दार बंद दिसलं की लोक विचारायला येतात कोण गेलं. समोरच्या ओट्यावर सकुबाई आधीच बसली होती, शेजारी प्रेमा. कोंडू सायकल पुसत होता. ती सायकल त्याची नव्हती.

भगीरथ उंबऱ्यावर, दाराला पाठ लावून बसला होता. शेजारी पाण्याचा तांब्या भरून ठेवलेला.

"बसा," तो म्हणाला. "पानी घ्या."

दोघांनी पाणी घेतलं. ओमकारने धुतलेला शर्ट घातला होता, हातात पेढ्यांचा पुडा होता. पोरगा दिसायला वाईट नव्हता. त्याने चपला काढल्या, मग दार बंदच आहे हे बघून पुन्हा घातल्या. "मामा, राहीला सांगा ना."

भगीरथने मान न वळवता हाक मारली, "राही, ओमकार आलाय! दार उघडायचं तर उघड. नाय तर नको उघडू!"

ती हाक फाट्यापर्यंत गेली असेल. आत भांडंसुद्धा वाजलं नाही.

"पाव्हणं, ही काय रीत झाली?" काका म्हणाले. "तुमी शब्द दिलता. बाप हाव तुमी. तुमी उघडा."

"शब्द मी दिलता. तिनं नवता दिला."

"आवो, पन उघडा तर खरं!"

"माझ्यानं नाय उघडत," भगीरथ म्हणाला. "कडी आतनं हाय."

सकुबाईने आणि कोंडूने एकमेकांकडे पाहिलं. त्या दाराच्या फटीतून काडी घालून कडी वर सरकवता येते हे सगळ्या वाडीला माहीत होतं. ती युक्ती भगीरथचीच. गिरणीवरून उशीर झाला की तो तसाच घरात शिरायचा. काडी नेहमीप्रमाणे वाशात खोचलेली होती, बरोबर त्याच्या डोक्यावर. कोणी वर पाहिलं नाही.

ओमकार पुढे झाला. दारावर थाप मारायला त्याने हात उचलला; पण दाराला भगीरथची पाठ होती. थाप मारायची तर सासऱ्याच्या डोक्यावरून हात घालावा लागणार होता. त्याने हात खाली घेतला.

"मामा, माझी चूक झाली," तो म्हणाला.

"मोठ्यानं बोल. तिला ऐकू जायला पायजे."

ओमकारने समोरच्या ओट्याकडे पाहिलं. तिथे आता पाच-सहा माणसं होती. त्याने दोनदा तोंड उघडलं.

तेवढ्यात गाडी उभी होती त्या फणसाखालून एसटीचा हॉर्न वाजला. कंडक्टर नवा होता, पण हाक तीच, फक्त आता उलट्या बाजूची. "मुरबाडऽऽ!"

काका उठले. "चल रे. ही गेली तर थेट सकाळची." ओमकार घुटमळला. हॉर्न पुन्हा वाजला. पेढ्यांचा पुडा कुठे ठेवावा ते त्याला कळेना. पुडा तसाच हातात धरून तो काकांमागे चालू लागला. वळणावर त्याने एकदा मागे पाहिलं. पुढे काय झालं असेल याचा विचार करायला त्याला मुरबाडपर्यंत वेळ होता.

गाडीचा धुरळा खाली बसला. कोंडूने सायकल ज्याची त्याला दिली. सकुबाई प्रेमाला घेऊन आपल्या घरात जाता जाता म्हणाली, "ह्यो शेवट बरा." पण तिचं म्हणणं कोणी उचललं नाही. ओटे रिकामे झाले.

भगीरथ तसाच बसून होता. दिलेला शब्द मोडल्यावर माणसाला जसं वाटतं तसं त्याला वाटत होतं, म्हणजे काही चांगलं वाटत नव्हतं. शहापूरला आता पुन्हा कोणत्या तोंडाने जायचं, हाही प्रश्न होता.

कडी निघाल्याचा आवाज त्याला ऐकू येणं शक्य नव्हतं. पण पाठीचा आधार गेला, आतल्या सारवलेल्या जमिनीचा गारवा मानेला लागला, तेवढ्यावरून त्याला कळलं. त्याने वळून पाहिलं नाही. उंबऱ्यावर तो थोडा बाजूला सरकला, आणखी एकाला बसता येईल इतका.