आरशातला गाल

साल एकोणीसशे एकाहत्तर. "डावा!" मी ठामपणे म्हणाले.

"उजवा गं, पोरी. मी माझ्या हातानं चिकटवलीय," मेकअपदादा म्हणाले.

वाद नायकाच्या गालावरच्या खोट्या जखमेचा होता. अर्धा प्रसंग आठ दिवसांपूर्वी चित्रित झाला होता, उरलेला आज व्हायचा होता आणि आधीची रिळं धुवायला परगावी गेली होती. कुठलं बटण उघडं, पेल्यात पाणी किती, हे वहीत टिपून ठेवायचं माझं काम. नोकरीला जेमतेम तीन महिने झाले होते.

नायक म्हणाला, "मला काय विचारता? सध्या तीन सिनेमांत तीन ठिकाणी मार खातोय."

दिग्दर्शकांनी माझी वही उघडली. डावा.

"दादा, वय झालं तुमचं. उद्यापासून दुसरा माणूस बघतो."

दादा एकेक ब्रश पुसून पेटीत ठेवू लागले.

तेवढ्यात फोटोकाकांनी मला बाजूला बोलावलं. काका जाहिरातीसाठी नटनट्यांचे फोटो काढायचे, पण रोल संपत आला की वायर गुंडाळणारे, खिळे ठोकणारे, उभ्याउभ्या पेंगणारे असे सगळे टिपायचे. "काका, आमची थोबाडं बघायला तिकीट कोण काढणार?" म्हणून लोक चिडवायचे.

त्यांनी माझ्या हातात आठ दिवसांपूर्वीचा एक फोटो ठेवला. "साहेबांना दाखवला नाही मी. काय करायचं ते तूच ठरव."

फोटोत दादा नायकाच्या उजव्या गालावर फुंकर घालून जखम वाळवत होते. मागे मी, हातात वही, नजर आरशात. समोरच्या माणसाची डावी-उजवी बाजू फिरवून लिहायची हाताला सवय. आरशात उजवी बाजू उजवीकडेच दिसते, तीही मी तशीच फिरवली होती.

घर माझ्या एकटीच्या नोकरीवर चालायचं. दादा पेटीचा पट्टा आवळत होते.

मी फोटो दिग्दर्शकांपुढे धरला. "साहेब, चूक माझी आहे."

त्यांनी फोटो वहीशी ताडून पाहिला. हसले ते दादाच. "असू द्या हो. पहिल्या वर्षी मी नायिकेचा तीळ अख्ख्या सिनेमाभर या गालावरून त्या गालावर फिरवला होता."

"माफ करा, दादा. उघडा पेटी," दिग्दर्शक म्हणाले. मग माझ्याकडे वळून, "आणि तू, आरशाकडे पाठ करून उभी राहत जा."

तो सिनेमा आठवडाभरही चालला नाही. दिग्दर्शक पुढे शाळेत नाटक शिकवू लागले. नायक अंगानं सुटला आणि वडिलांच्या भूमिका करू लागला. डोळ्यांनी साथ दिली तोवर दादांनी काम केलं. मी पस्तीस वर्षं वही लिहिली.

काका गेल्यावर त्यांच्या मुलीनं फोटोंची ट्रंक माझ्याकडे आणून दिली. आता सिनेमा शिकणारी मुलं त्यांचं प्रदर्शन भरवणार आहेत. "आजी, ही माणसं कोण?" असं सारखं विचारतात. म्हणून प्रत्येक फोटोमागे मी पेन्सिलीनं लिहितेय.

काल तो फोटो हाती आला. मागे लिहिलं : दादा, जखम वाळवताना. मी, चुकताना.