हिरव्या वायरच्या टोकावरून

मी हिरव्या वायरच्या टोकाला बसवलेली क्लिप बोलतेय. माझं चित्त अजून थाऱ्यावर नाही, तेव्हा सांगताना काही मागेपुढे झालं तर सांभाळून घ्या.

मी नखाएवढी, पितळेची. दुकानात मला कुणी लग म्हणतं, कुणी थिंबल. माझं अर्धं अंग वायरला घट्ट धरतं आणि उरलेलं अर्धं यंत्रावरच्या चपट्या पट्टीवर खोचलं जातं. ना स्क्रू, ना डाख. खोचली की जोडलं, ओढली की सुटलं. हाच माझा गुण, आणि याच गुणाने घात केला.

वॉशिंग मशीनच्या कारखान्यात एका मावशींच्या टेबलावर मी वायरची झाले. त्यांनी तांब्याच्या तारा माझ्या गळ्यात घातल्या, पकडीने कच्चकन दाबलं आणि मग मला चांगला हिसका दिला. प्रत्येक क्लिपला त्या असा हिसका देत.

"अहो मावशी, किती छळता बिचारीला!" शेजारची हसली.

"इथे सुटली तर चालेल गं. लोकांच्या घरात सुटायला नको," मावशी म्हणाल्या आणि त्यांनी मला मशीनच्या पाठीवरच्या पट्टीवर खोचलं. "धरून बस हं बाई."

माझं काम काय विचाराल, तर एरवी काहीच नाही. बाकीच्या वायरी वीज वाहतात, मशीन फिरवतात, मिरवतात. मी नुसती बसून असते. पण कधी वीज वाट चुकून मशीनच्या लोखंडी अंगात उतरलीच, तर तिला माझ्यातून, म्हणजे तुम्ही ज्याला अर्थिंग म्हणता त्यातून, मुकाट्याने जमिनीत जायला लागतं, आणि ती गेली रे गेली की भिंतीवरचा सुरक्षेचा स्विच खटकन पडतो. माझं आणि त्या स्विचचं असं संगनमत.

ज्या घरी मी आले तिथे वहिनी, कायम फिरतीवर असलेले त्यांचे यजमान, त्यांचे धाकटे दीर आणि ढमी. ढमी म्हणजे वहिनींची लेक, तेव्हा जेमतेम रांगणारी. भावजींनी एकदा कुणाची तरी दारावरची बेल दुरुस्त केली होती, तेव्हापासून सगळी इमारत त्यांना इंजिनिअर म्हणायची. त्यांनाही ते आवडायचं.

एक दिवस मशीनच्या आतली एक वायर पत्र्याच्या कडेला घासून सोलली. वीज पत्र्यात झिरपू लागली. मी ती जमिनीत नेली, स्विच पडला. आम्ही दोघांनी चोख काम केलं आणि दोघांनीही शिव्या खाल्ल्या.

"भावजी, परत गेली हो लाईट! सगळे कपडे फेसात आहेत."

"मशीनला काही झालेलं नाही, वहिनी. तो स्विचच नाटकी आहे."

त्यांनी मशीन पुढे ओढलं, मागचं झाकण काढलं आणि एकेक वायर उपटून बघायला लागले. मला उपटलं, आणि स्विच पडेना!

"सापडला चोर!" भावजी ओरडले.

चोर? मी? माझा माझ्या कानांवर विश्वास बसेना. अहो, घरात शिरलेल्या चोराला मी बाहेर नेत होते! त्यांनी माझ्या तोंडाला चिकटपट्टी गुंडाळली आणि मला तसंच लोंबकळत ठेवलं. मशीन भुर्रकन चालू झालं. वहिनींनी दिराचं तोंडभर कौतुक केलं. बातमी इमारतभर झाली. वरच्या मजल्यावरच्या काकू, त्यांच्या समोर एकटेच राहणारे मास्तर, सगळ्यांचे स्विच म्हणे असेच पडत. भावजी खिशात टेस्टर घालून शीळ वाजवत जात आणि मान ताठ करून परत येत. वर काय करून येत, ते मला तेव्हा कळलं नाही.

पुढे मशीनला हात लावला की वहिनींना मुंग्या यायला लागल्या.

"चप्पल घाला की मग," भावजी म्हणाले.

आणि वहिनींनी खरंच चप्पल घातली! मशीनपुढे रबरी चपलांचा जोड कायमचा आला. आलेल्या पाहुण्यालाही सांगत, "चप्पल घालून हं!" चावणारी वस्तू दुरुस्त करायचं सोडून ही माणसं चावून घ्यायची रीत ठरवत होती. मी मागे लोंबकळत हे ऐकत होते आणि माझी बोबडी वळत होती. त्यावर कडी म्हणजे भावजींनी साधा स्विच विकत आणला. "उद्या तो नाटकी काढून टाकतो," म्हणाले.

त्याच दुपारी मशीन चालू होतं, फरशी ओली होती आणि वहिनी दारात कुणाशी तरी बोलायला गेल्या होत्या. ढमी नुकतीच चालायला लागली होती. धडपडत, हसत, फेस बघायला आली. चपला तिथेच होत्या, पण मोठ्यांच्या. ढमीच्या मापाची चप्पल कुणी आणलीच नव्हती.

माझी पट्टी माझ्यापासून बोटभर लांब होती. बोटभर! ओरडावं तर तोंडाला चिकटपट्टी. ढमीने दोन्ही तळवे मशीनला टेकले.

तिचं तोंड उघडलं, पण आवाज आला नाही.

खट!

स्विच पडला. त्या बिचाऱ्याने एकट्याने, उशिरा का होईना, काम केलं. ढमी पाण्यात धपकन बसली आणि मग तिने भोकाड पसरलं. इतकं गोड रडणं मी जन्मात ऐकलं नव्हतं.

वहिनींनी धावत येऊन तिला उराशी धरलं. भावजी आले ते सवयीने चिडूनच, "परत पडला का तो?" मग त्यांनी ढमीकडे पाहिलं. "मी उद्या काढणार होतो तो," असं म्हणत त्यांनी मशीनचा प्लग उपटला.

डॉक्टरांनी ढमीला तपासून घरी पाठवलं. आज सकाळी मेकॅनिक आला. त्याने सोललेली वायर बदलली आणि मागे हात घालून मला बाहेर ओढलं. "ही कुणी काढली?"

"मी," भावजी म्हणाले. "मीच लावतो." चिकटपट्टी सोलून त्यांनी मला पट्टीवर खोचलं आणि हिसका दिला. मला मावशी आठवल्या.

इतक्यात वरच्या काकू ढमीची चौकशी करायला आल्या. "बरी आहे ना पोर? वाचली गं बाई! भावजी, आमचा गिझर मात्र तुम्ही झकास केलात हो. स्विच पडणं बंदच. जरा मुंग्या येतात, एवढंच."

भावजी अनवाणीच जिन्याकडे धावले. "काकू, हात लावू नका गिझरला! कुणीच लावू नका!"

तुमच्याही घरात एखादी वस्तू मुंग्या आणत असेल, तर हात जोडून सांगते, चपला शोधू नका. मला शोधा.

मी माझ्या जागी घट्ट बसले आहे. वर भावजी दारं ठोठावताहेत. काकूंचं उघडलं. मास्तरांचं अजून उघडत नाही, आणि आत आंघोळीचं पाणी वाहतंय.