राणीचा उजवा हात

माझ्या थोरल्या बहिणीचा, स्तामातियाचा, उजवा स्तन काढला आणि आमच्या वोलोस शहरभर ती ॲमेझॉन झाली. आमच्याकडे ग्रीसमध्ये शेंबडं पोरही सांगतं, की पुराणातल्या त्या लढवय्या ॲमेझॉन बायका धनुष्याच्या आड येतो म्हणून एक स्तन कापून टाकायच्या. हल्ली कॅन्सरच्या बायकांना हेच नाव देण्याची टूम निघालीय. टीशर्टांवर, मगांवर, जिकडेतिकडे धनुष्यवाली राणी.

कॅन्सर मदत मंडळाच्या पोलिक्सेनीबाईंना पोस्टर हवं होतं. "ॲमेझॉनांची राणी पेंथेसिलिया म्हणून तुम्हीच शोभाल," त्या स्तामातियाला म्हणाल्या.

"तिला ट्रॉयच्या वेशीपाशी अकिलीसनं मारलं ना? की तुमच्या शाळेत तेवढा धडा गाळला होता?"

"असं अभद्र बोलू नये. तुम्ही जिंकणार आहात."

उंटावरून शेळ्या हाकायला काय जातं? आजार हाडांत उतरल्याचं डॉक्टरांनी त्याच आठवड्यात सांगितलं होतं. स्तामातियाला एकच हवं होतं, कुणाजवळ तरी 'मला भीती वाटते' एवढं बोलता यावं. ती तोंड उघडायची, की नवरा, पोरं, शेजारणी, आम्ही सगळे म्हणायचो, "तू राणी आहेस."

फोटोच्या दिवशी तिला पुठ्ठ्याचं चिलखत चढवलं, हातात धनुष्य दिलं. "ओढा," फोटोग्राफर म्हणाला. काखेतल्या गाठी काढल्यापासून तिचा उजवा हात सुजून कणकेच्या गोळ्यासारखा झाला होता. तो खांद्यापर्यंतही जाईना.

"घ्या," ती म्हणाली. "धनुष्यासाठी स्तन कापायचा ना? कापला. आता धनुष्यच ओढवत नाही." ती हसली, आणि हसता हसता तिचे डोळे भरून आले. "आर्गिरो, मी फार घाबरलेय गं."

मी पुढे झाले, तर फोटोग्राफरनं मला हातानंच अडवलं. "तश्शाच थांबा. डोळे काय चमकतायत!"

पोस्टरमध्ये कॉम्प्युटरनं तिचा हात सडपातळ केला, दोरी कानापर्यंत ओढली. खाली लिहिलं, 'राणी हरत नाही.' बसस्टॉपवर ते पाहून स्तामातिया म्हणाली, "हिचा हात बरा आहे." नंतर भीतीचं ती कुणाशीच बोलली नाही.

ती गेल्यावर चाळिसाव्या दिवशी, प्रार्थनेनंतर, आम्ही रिवाजाप्रमाणे चर्चच्या दारात तिच्या नावानं उकडलेले गोड गहू वाटत होतो. समोरच्या भिंतीवर पोस्टर तसंच होतं. पोलिक्सेनीबाईंनी गहू घेतले. "शेवटपर्यंत लढली. एकदाही घाबरली नाही."

"घाबरली होती," मी म्हणाले. "खूप घाबरली होती."

बाईंनी प्रेमानं माझा दंड थोपटला आणि पोस्टरकडे बोट केलं.

"काहीतरीच काय. ते डोळे बघा ना."