आईच्या स्वयंपाकघरातले चौकोन

शिंगो प्रौढांच्या चित्रपटांतला नट, आणि कायद्याने जे दाखवता येत नाही ते धूसर चौकोनांनी झाकणारा मी. कित्येक वर्षं आमचं असं सुरळीत चाललं होतं. मग त्याला स्वतःवर माहितीपट काढायचा झटका आला.

"यात काही म्हणजे काही झाकायचं नाही," तो म्हणाला, आणि आम्ही वाकायामाला, त्याच्या गावी गेलो.

भाऊ बोलला, पण चेहरा झाकण्याच्या अटीवर. शाळेच्या जुन्या बाईंचंही तेच. मासेवाल्याने तर स्वतःबरोबर मासेही झाकायला लावले, गिऱ्हाइकं दुकान ओळखतील म्हणून. अख्ख्या गावात उघडा चेहरा एकट्या शिंगोचा.

उरली आई. तिच्या स्वयंपाकघरात शिंगोने कॅमेरा लावला, काढला, पुन्हा लावला.

"आई, तुझा चेहरा दाखवला तर चालेल?"

"न चालायला काय झालं? पोरगा माझा आहे. मी कशाला तोंड लपवू?"

शिंगोने गुपचूप डोळे पुसले.

"ती मागची खरकटी भांडी मात्र झाक रे बाबा," आई माझ्याकडे वळून म्हणाली. "चारचौघांत दाखवायची गोष्ट आहे का ती?"

मी झाकली. इतकं मन लावून मी आजवर काहीच झाकलं नव्हतं.